एकतीस

निइझेकीबाईंचं पत्र आलं तोक्योहून:
चित्रं सुरेख. पाणी तर इतकं खरं,
की पान उलटताना बोट ओलं होईलसं वाटलं.
फक्त चौदावं पान.
चौदाव्या पानाचं काय करायचं?

चौदाव्या पानावर
सॅलमँडरच्या पिल्लाच्या तोंडात
एका बेडूकमाशाची शेपटी आहे.
रक्तबिक्त काही नाही, नुसती शेपटी.
मुलं रडतील, बाई लिहितात,
आणि आया पुस्तक परत ठेवतील फळीवर.
जमलं तर बेडूकमाशांना जरा हसतं करा.

हसतं.
ती दुपार मी भिंग घेऊन काढली.
बेडूकमाशाचं तोंड असतं खाली, पोटाच्या अंगाला,
शेवाळ खरवडायला केलेली बारीक किसणी.
आता किसणीला हसू कुठून आणू?

इकडे होक्काइदोत मे उजाडला तरी
सावलीतला बर्फ हटत नाही.
रस्त्याकडेच्या चरात तो वितळून साचतो
आणि त्या हातभर पाण्यात
दोघीही अंडी घालून जातात, बेडकी आणि सॅलमँडर,
शेजारी शेजारी, एकमेकींना न विचारता.
बेडकीची भिजवलेल्या सब्जासारखी,
दुसरीची पिळा पडलेल्या पारदर्शक पिशवीत.
पुढे काय होतं ते पाण्याला ठाऊक.
ज्या डबक्यात सॅलमँडर असतो
तिथल्या बेडूकमाशांची डोकी फुगतात,
रुसलेल्या पोरांच्या गालांसारखी,
कुणाच्या तोंडात मावू नये म्हणून.
हे मी काढलं होतं. अकराव्या पानावर.
बाईंना वाटलं, गुटगुटीत आहेत.

शेजारचा इओरी सात वर्षांचा.
त्याच्या गोठ्यामागे निळं घमेलं आहे,
त्यात त्याने दोन्ही जाती एकत्र सोडल्यात.
शाळेत जायच्या आधी मोजतो
आणि फळीवर खडूने लिहितो:
एकतीस. एकतीस. अठ्ठावीस.
चोवीस. एकोणीस.
मी विचारलं, वाईट नाही वाटत?
म्हणाला, कुणाचं?
मग जरा वेळाने,
सॅलमँडर पण दोन होते. आता एकच आहे.

त्याला माझी चित्रं दाखवली.
दुधाचा वास येणाऱ्या बोटांनी
त्याने सगळी पानं उलटली, मग सुलटी केली.
तुझे किती आहेत?
मी मोजले नव्हते.
त्याने मोजले. तिसऱ्या पानावर चाळीस,
नवव्यावर बावन्न.
हे बारा आधी कुठे होते?

कुठेच नव्हते, इओरी.
जिथे कागद रिकामा दिसला
तिथे मी शाई टेकवली होती.
एवढी वर्षं चित्रं काढतेय
आणि एका पोराने मला
ठिपके टाकताना पकडलं.

मग मी चौदावं पान बदललं.
लव्हाळे काढले, उन्हाची तिरीप,
एक पाणकिडा, पाण्यावर चालणारा.
पण बाकीची सगळी पानंही पुन्हा काढली.
तिसऱ्यावर एकतीस.
सहाव्यावर अठ्ठावीस, अकराव्यावर एकोणीस,
चौदाव्यावर, लव्हाळ्यांच्या सावलीत, अकरा.
शेवटी गवतावर चढलेले चार,
नखाएवढे, एकाची शेपटी अजून गळायचीय.
अक्षर एक नाही लिहिलं.

निइझेकीबाईंनी कळवलं,
आता कसं शांत वाटतं.
पुस्तक छापलं.

ऑक्टोबरात गावच्या वाचनालयात गेले होते,
उबेला, खरं सांगायचं तर.
सतरंजीवर एक मुलगी पालथी पडली होती,
एक मोजा घोट्यापर्यंत उतरलेला,
बोट पानावर, ओठ हलताहेत.
पुढे गेली. थांबली. मागे आली.
पुन्हा बोट, पुन्हा ओठ.
शेवटचं पान बराच वेळ उघडं.

रडली नाही.
उठून बसली,
पुस्तक दोन्ही हातांनी उलटं धरलं
आणि हलवून पाहिलं,
कुणी खाली पडतंय का.